सावलीने ओळख पटवलेला ग्रह : एचडी २०९४५८ बी

सूर्याखेरीज अन्य ताऱ्याभोवती फिरणारा ग्रह आपल्या ताऱ्याच्या बिंबासमोरून जाताना मानवाने प्रथम टिपला, तो १९९९ साली. प्रत्यक्ष ग्रह कोणाच्याही नजरेस पडला नाही. ताऱ्याचा प्रकाश सुमारे तीन तासांपुरता दीड टक्क्याने मंदावला आणि पुन्हा पूर्ववत झाला, इतकेच दुर्बिणीने नोंदवले. परंतु तेवढ्या नोंदीवरून त्या ग्रहाचा आकार कळला, खरे वस्तुमान कळले, घनता कळली आणि तो गुरू-शनींप्रमाणे वायूंचा महाकाय गोल आहे हे सिद्ध झाले. पुढे त्याच मार्गाने त्याच्या वातावरणाचा, तेथील उष्णतेचा आणि वाऱ्यांचाही वेध घेता आला.

‘एचडी २०९४५८ बी’ असे रुक्ष नाव असलेल्या या ग्रहाला बाह्यग्रहांच्या अभ्यासात मानाचे स्थान आहे. त्याच्या शोधाची हकीकत उद्बोधक आहे, कारण तो शोधण्यास लागणारे साहित्य फार आधीपासून उपलब्ध होते. अडसर होता तो ‘असा ग्रह असूच शकत नाही’ या समजुतीचा.

ठावठिकाणा

हा ग्रह ज्या ताऱ्याभोवती फिरतो, तो महाश्व अर्थात पेगॅसस या तारकासमूहात आहे. पूर्वा भाद्रपदा व उत्तरा भाद्रपदा या नक्षत्रांच्या ताऱ्यांनी बनलेला मोठा चौकोन आकाशनिरीक्षकांच्या परिचयाचा आहे. त्या चौकोनाच्या पश्चिमेस हा तारा आहे. त्याची दृश्य प्रत सुमारे ७.६ असल्याने तो नुसत्या डोळ्यांना दिसत नाही, मात्र साध्या द्विनेत्रीतून दिसू शकतो. खगोलीय विषुववृत्तापासून तो सुमारे १९ अंश उत्तरेस आहे. मुंबई आणि पुणे यांचे अक्षांशही जवळपास तेवढेच असल्यामुळे हा तारा या शहरांच्या जवळजवळ थेट माथ्यावरून जातो. ऑक्टोबरच्या उत्तरार्धात रात्री साडेआठच्या सुमारास तो डोक्यावर असतो.

तारा आपल्यापासून सुमारे १६० प्रकाशवर्षे दूर आहे. तो सूर्याच्याच जातीचा, पण सूर्यापेक्षा किंचित मोठा आणि किंचित अधिक तप्त आहे. ‘एचडी’ ही अक्षरे हेन्री ड्रेपर यांच्या नावाने हार्वर्ड वेधशाळेने विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात प्रसिद्ध केलेल्या तारकासूचीची आहेत. २०९४५८ हा त्या सूचीतील क्रमांक. एखाद्या ताऱ्याभोवती सापडलेल्या पहिल्या ग्रहाच्या नावापुढे ‘बी’ हे अक्षर जोडण्याचा प्रघात आहे. अर्थात येथे ‘बी’ म्हणजे दुसरा ग्रह नव्हे, पहिलाच.

दुर्लक्षित राहिलेली सूचना

आपल्या सूर्यमालेत बुध, शुक्र, पृथ्वी आणि मंगळ हे लहान, खडकाळ ग्रह सूर्याजवळ आहेत, तर गुरू आणि शनी हे वायूंचे महाकाय गोल दूर आहेत. या रचनेचे कारणही शास्त्रज्ञांना पटण्याजोगे वाटत होते. नवजात ताऱ्याभोवतीच्या वायू व धूळ यांच्या तबकडीत दूरवरच्या थंड भागात पाण्याचे बर्फ टिकते. तेथे घन पदार्थ अधिक मिळाल्याने मोठे गाभे तयार होतात आणि ते भोवतालचा हायड्रोजन व हेलियम ओढून घेतात. ताऱ्याजवळ इतके साहित्य नसते. सबब महाकाय ग्रह दूरच असणार आणि त्यांना एका प्रदक्षिणेस वर्षानुवर्षे लागणार, हे गृहीत धरले गेले. गुरूला सूर्याभोवती एक फेरी मारण्यास सुमारे १२ वर्षे लागतात. दुसऱ्या ताऱ्याचा ‘गुरू’ शोधायचा तर तितकीच वर्षे निरीक्षण करावे लागेल, असा त्याचा अर्थ झाला.

या समजुतीला छेद देणारा एक लघुलेख ओट्टो स्ट्रुव्ह या खगोलशास्त्रज्ञाने १९५२ सालीच लिहिला होता. गुरूएवढा ग्रह आपल्या ताऱ्याच्या अगदी निकट, पृथ्वी-सूर्य अंतराच्या पन्नासाव्या भागाइतक्या अंतरावर का असू नये, असा प्रश्न त्याने विचारला. जुळ्या ताऱ्यांमध्ये दोन तारे एकमेकांच्या इतके जवळ असू शकतात, मग ग्रहाला कोणती आडकाठी आहे, असा त्याचा युक्तिवाद होता. असा ग्रह असेल तर त्याच्या ओढीने ताऱ्याचा वेग बदलेल आणि तो बदल तत्कालीन उपकरणांच्या आवाक्यात असेल. शिवाय ग्रहाची कक्षा आपल्या दृष्टिरेषेत आली तर ताऱ्याला लहानसे ग्रहण लागेल आणि तेही मोजता येईल, असे त्याने नमूद केले. पुढे चार दशकांनी यशस्वी ठरलेल्या दोन्ही पद्धती या लेखात स्पष्टपणे मांडलेल्या होत्या. तथापि त्या दिशेने शोध घेण्यास फारसे कोणी पुढे आले नाही.

१९९५ साली स्वित्झर्लंडच्या जिनिव्हा वेधशाळेतील मिशेल मेयर आणि डिडिए क्वेलोझ यांनी ‘५१ पेगासी’ या ताऱ्याभोवती सुमारे सव्वाचार दिवसांत प्रदक्षिणा पूर्ण करणारा गुरूसदृश ग्रह जाहीर केला. योगायोगाने हा ताराही महाश्वातीलच. या शोधाबद्दल दोघांना २०१९ साली पदार्थविज्ञानाच्या नोबेल पुरस्काराचा अर्धा वाटा मिळाला. १९९५ साली मात्र सर्वांची खात्री पटली नव्हती. ग्रह दिसला नव्हता. ताऱ्याच्या वर्णपटातील रेषा ठरावीक काळाने मागेपुढे सरकताना दिसल्या होत्या. तारा स्वतःच स्पंदन पावत असेल आणि ग्रह मुळी नसेलच, अशी शंका १९९७ साली प्रतिष्ठित नियतकालिकातून मांडली गेली. वर्षभरात अधिक काटेकोर निरीक्षणांनंतर ती मागेही घेण्यात आली.

दुसरी अडचण मूलभूत होती. वर्णपटाच्या पद्धतीने ताऱ्याची आपल्याकडे येण्याची व आपल्यापासून दूर जाण्याची गतीच तेवढी कळते. कक्षा आपल्या दृष्टिरेषेशी किती कललेली आहे, हे कळत नाही. त्यामुळे ग्रहाच्या वस्तुमानाची केवळ किमान मर्यादा मिळते. कक्षा जवळजवळ समोरून पाहत असू, तर ‘ग्रह’ म्हणून गणलेली वस्तू प्रत्यक्षात एखादा अंधूक तारा असू शकेल. हा संशय दूर करण्याचा निर्विवाद मार्ग एकच होता. एखादा तरी असा ग्रह आपल्या ताऱ्याच्या बिंबासमोरून जाताना सापडायला हवा होता.

अधिक्रमण म्हणजे काय?

भारतीय वाचकांना अधिक्रमणाची कल्पना नवी नाही. ८ जून २००४ रोजी शुक्र सूर्यबिंबावरून सरकताना भारतातून संपूर्ण दिसला होता. ६ जून २०१२ रोजी सूर्योदयानंतर त्याचा उर्वरित भाग पाहता आला. त्या वेळी शुक्राचा काळा ठिपका सूर्याच्या सुमारे एक हजारांश बिंबावर होता. दूरच्या ताऱ्याचे बिंब मात्र दिसत नाही. तारा प्रकाशाचा एक बिंदू असतो आणि अधिक्रमणाच्या काळात त्या बिंदूची तेजस्विता किंचित घटते.

अशी घटना दिसण्यासाठी ग्रहाची कक्षा आपल्या दृष्टिरेषेत असावी लागते. दूरच्या एखाद्या निरीक्षकाला गुरूचे सूर्यावरील अधिक्रमण दिसण्याची शक्यता हजारात एक आणि तेही १२ वर्षांतून एकदाच. ताऱ्याला खेटून फिरणाऱ्या ग्रहाच्या बाबतीत ही शक्यता दहात एक इतकी वाढते आणि घटना दर तीन-चार दिवसांनी घडते. म्हणजे असे दहा-बारा ग्रह तपासले तर एक तरी सावली सापडावी, असा साधा हिशेब होता.

दहा सेंटिमीटरची दुर्बीण

एचडी २०९४५८ हा तारा सुमारे साडेतीन दिवसांच्या आवर्तनाने सेकंदाला सुमारे ८५ मीटर वेगाने पुढेमागे होतो, हे दोन स्वतंत्र गटांना १९९९ मध्ये आढळले. एका गटात मेयर आणि हार्वर्ड-स्मिथसोनियन केंद्रातील डेव्हिड लॅथम आदींचा समावेश होता. दुसरा गट जेफ्री मार्सी, पॉल बटलर व स्टीव्हन व्होग्ट या अमेरिकी शास्त्रज्ञांचा. दोन्हींनी या ताऱ्याची तेजस्विता तपासून पाहण्यासाठी इतरांचे साहाय्य घेतले.

त्या वेळी हार्वर्ड विद्यापीठात पीएच.डी. करणारा डेव्हिड शार्बोनो आणि कोलोरॅडो राज्यातील बोल्डर येथील टिमोथी ब्राऊन हे एका लहानशा दुर्बिणीने निरीक्षणे करीत होते. तिचा व्यास अवघा १० सेंटिमीटर होता. ९ आणि १६ सप्टेंबर १९९९ च्या रात्रींच्या निरीक्षणांत ताऱ्याचा प्रकाश अपेक्षित वेळी मंदावून पुन्हा पूर्ववत झाल्याचे त्यांना आढळले. दोन घटनांमधील सात दिवसांचे अंतर म्हणजे ग्रहाच्या बरोबर दोन प्रदक्षिणा.

दुसऱ्या गटाने टेनेसी स्टेट विद्यापीठाच्या ग्रेगरी हेन्री यांना संभाव्य वेळ कळवली होती. ७ नोव्हेंबरच्या रात्री ॲरिझोनातील त्यांच्या स्वयंचलित दुर्बिणीने प्रकाश मंदावण्याचा प्रारंभ नोंदवला. दोन्ही गटांचे शोधनिबंध जानेवारी २००० मध्ये एकाच नियतकालिकातून प्रसिद्ध झाले. वर्णपटावरून केलेल्या भाकिताच्या वेळीच सावली पडली होती. त्यामुळे निकटचे महाकाय ग्रह खरोखरच अस्तित्वात आहेत, याविषयीचा वाद मिटला.

ही घटना टिपण्यासाठी महाकाय दुर्बिणीची गरज नाही, हे वर्षभरातच अधिक ठळकपणे दिसले. सप्टेंबर २००० मध्ये फिनलंडमधील हौशी आकाशनिरीक्षकांनी आपल्या वेधशाळेतून याच ग्रहाचे अधिक्रमण नोंदवले. त्यानंतर जगभरचे हौशी निरीक्षक या उपक्रमात सामील झाले.

आठ वर्षे पडून राहिलेला पुरावा

शोध जाहीर झाल्यावर काही संशोधकांनी जुन्या नोंदी चाळल्या. युरोपीय अंतराळ संस्थेचा ‘हिप्पार्कस’ हा उपग्रह १९८९ ते १९९३ या काळात लाखाहून अधिक ताऱ्यांची अचूक स्थाने मोजत होता. त्याने एचडी २०९४५८ या ताऱ्याच्याही तेजस्वितेच्या ८९ नोंदी घेतल्या होत्या. त्यांतील पाच नोंदी नेमक्या अधिक्रमणाच्या वेळच्या निघाल्या आणि त्यांत ताऱ्याचा प्रकाश किंचित घटलेला होता.

याचा अर्थ, या ग्रहाची सावली १९९१ सालीच मानवी उपकरणावर पडली होती. नोंदी प्रसिद्धही झाल्या होत्या. तथापि प्रकाशातील ती घट निरीक्षणातील नेहमीच्या चढउतारांत मिसळून गेली. साडेतीन दिवसांच्या आवर्तनाचा ग्रह शोधावा असे कोणाच्या मनात नसल्याने ती वेगळी काढली गेली नाही. पुढे मात्र या जुन्या नोंदींचा उपयोग झाला. १९९१ पासूनची कालरेषा हाती आल्याने ग्रहाचा प्रदक्षिणाकाळ काही सेकंदांपर्यंत अचूक ठरवता आला. तो ३.५२४७ दिवस आहे.

सावलीवरून मोजमाप

प्रकाश किती टक्के घटला यावरून ग्रहाने ताऱ्याच्या बिंबाचा किती भाग झाकला ते कळते. दीड टक्का क्षेत्रफळ झाकले गेले, याचा अर्थ ग्रहाचा व्यास ताऱ्याच्या व्यासाच्या साधारण आठव्या हिश्शाइतका आहे. ताऱ्याचा आकार त्याच्या वर्णपटावरून व अंतरावरून माहीत असतो. त्यावरून या ग्रहाची त्रिज्या गुरूच्या सुमारे १.३५ ते १.४ पट निघते. अधिक्रमण होते याचाच अर्थ कक्षा जवळजवळ दृष्टिरेषेत आहे. म्हणून वस्तुमानाची संदिग्धताही उरत नाही. ते गुरूच्या सुमारे ०.७ पट, अर्थात पृथ्वीच्या सुमारे २२० पट आहे.

आकार गुरूहून मोठा आणि वस्तुमान कमी. परिणामी घनता पाण्याच्या सुमारे एक तृतीयांश भरते. आपल्या सूर्यमालेतील सर्वांत विरळ ग्रह शनी. त्याचीही घनता याच्या जवळजवळ दुप्पट आहे. खडकाचा किंवा धातूचा गोल इतका हलका असूच शकत नाही. हा प्रामुख्याने हायड्रोजन व हेलियमचा बनलेला ग्रह आहे, हे या एका आकड्याने निश्चित केले.

ताऱ्यापासूनचे त्याचे अंतर सुमारे ७० लाख किलोमीटर आहे. सूर्य आणि बुध यांमधील सरासरी अंतराचा हा आठवा भाग झाला. ग्रह आपल्या कक्षेत सेकंदाला सुमारे १४० किलोमीटर वेगाने धावतो. इतक्या निकटतेमुळे, चंद्र जशी पृथ्वीकडे सतत एकच बाजू ठेवतो, तसा हा ग्रहही ताऱ्याकडे एकच बाजू ठेवून असावा, असे भरती-ओहोटीच्या बलांचे गणित सांगते. एका गोलार्धात अखंड दिवस आणि दुसऱ्यात अखंड रात्र.

ताऱ्याचा प्रकाश गाळून येतो तेव्हा

२००० साली हबल अंतराळ दुर्बिणीने या ताऱ्याची चार अधिक्रमणे टिपली. ती मोजणी दहा हजारांत एक भाग इतकी सूक्ष्म होती. ग्रहाभोवती कडी आहेत का, मोठा चंद्र आहे का, हेही त्या आलेखात तपासण्यात आले. तसे काही आढळले नाही.

याहून महत्त्वाची गोष्ट पुढे घडली. ग्रह ताऱ्यासमोर असताना ताऱ्याचा थोडा प्रकाश ग्रहाच्या कडेच्या विरळ वातावरणातून गाळून आपल्यापर्यंत येतो. वातावरणातील प्रत्येक द्रव्य ठरावीक रंगाचा प्रकाश शोषते. त्या रंगात पाहिल्यास ग्रह किंचित मोठा भासतो. या तत्त्वाचा उपयोग करून शार्बोनो व त्यांच्या सहकाऱ्यांनी हबलच्या साहाय्याने सोडियमची खूण टिपल्याचे नोव्हेंबर २००१ मध्ये जाहीर केले. सूर्यमालेबाहेरच्या ग्रहाच्या वातावरणाचा तो पहिला वेध मानला गेला. सोडियमचा प्रभाव भाकितापेक्षा कमी होता. वातावरणात उंचावर ढग असावेत, असा त्याचा एक अर्थ लावण्यात आला.

या निष्कर्षाचीही पुढे कसून तपासणी झाली. तारा स्वतः फिरत असतो आणि त्याच्या बिंबाची कड मध्यभागापेक्षा वेगळी दिसते. या दोन कारणांनीही सोडियमसारखी खूण उमटू शकते, असे २०२० मध्ये जमिनीवरील दुर्बिणींच्या सूक्ष्म वर्णपटांवरून दाखवण्यात आले. ग्रहाचे वातावरण वाचायचे तर आधी ताऱ्याचा स्वभाव अचूक माहीत हवा, हा धडा त्यातून मिळाला.

उडून जाणारा हायड्रोजन

२००३ साली फ्रेंच शास्त्रज्ञ आल्फ्रेड व्हिडाल-माजार व सहकाऱ्यांनी हबलच्या साहाय्याने हा तारा अतिनील प्रकाशात पाहिला. हायड्रोजनच्या विशिष्ट तरंगलांबीत अधिक्रमणाच्या वेळी प्रकाश दीड नव्हे, तर सुमारे १५ टक्क्यांनी घटत असल्याचे त्यांना आढळले. म्हणजे ग्रहाभोवती हायड्रोजनचे विस्तीर्ण आवरण आहे आणि त्यातील काही भाग ग्रहाच्या गुरुत्वाकर्षणातून निसटतो आहे. हे प्रमाण सेकंदाला किमान दहा हजार टन असावे, असा त्यांचा अंदाज होता. २००४ मध्ये याच आवरणात ऑक्सिजन व कार्बन यांच्याही खुणा मिळाल्याचे या गटाने सांगितले. पुढे इतरांनी त्याच नोंदींचे फेरविश्लेषण करून हायड्रोजनच्या घटीचा आकडा कमी असल्याचे मत मांडले. आवरणाचे अस्तित्व मात्र मान्य झाले.

या संशोधकांनी ग्रहाला ‘ओसायरिस’ हे टोपणनाव दिले. प्राचीन इजिप्तच्या पुराणकथेत या देवाच्या देहाचे तुकडे केले जातात, असा त्यामागचा संदर्भ. हे नाव लोकप्रिय झाले असले तरी अनौपचारिकच आहे. त्यावरून ग्रह लवकरच नाहीसा होणार, असा समज होण्याचा संभव आहे. पण हिशेब वेगळे सांगतो. दहा हजार टनांचा वेग पाच अब्ज वर्षे कायम राहिला, तरी ग्रहाच्या वस्तुमानाचा जेमतेम एक हजारांश भाग खर्च होईल. हा वेग दहापट धरला तरी घट एक टक्क्याच्या आसपासच राहते. ग्रहाची झीज होते आहे, पण तो नष्ट होण्याच्या मार्गावर नाही.

उष्णता आणि वारे

ग्रह ताऱ्यासमोर येतो, तसाच अर्ध्या प्रदक्षिणेनंतर ताऱ्यामागेही लपतो. त्या वेळी ग्रहाकडून येणारा प्रकाश वजा होतो. अवरक्त किरणांत ग्रह स्वतःच्या उष्णतेने चमकत असल्याने ही घट मोजता येण्याजोगी असते. मार्च २००५ मध्ये स्पिट्झर अंतराळ दुर्बिणीने या ग्रहाच्या बाबतीत अशी घट टिपल्याचे जाहीर झाले. त्याच वेळी दुसऱ्या एका गटाने ‘ट्रेस-१’ या ताऱ्याच्या ग्रहाविषयी तशीच घोषणा केली. बाह्यग्रहांकडून प्रत्यक्ष येणारी उष्णता मोजण्याचा हा आरंभ होता. एचडी २०९४५८ बी ताऱ्याकडून मिळणाऱ्या ऊर्जेने सुमारे ११०० ते १२०० अंश सेल्सिअसपर्यंत तापलेला असावा.

२०१० साली चिलीतील युरोपीय दक्षिण वेधशाळेच्या ‘व्हेरी लार्ज टेलिस्कोप’ने ग्रहावरील कार्बन मोनॉक्साइडच्या रेषांचा मागोवा घेतला. त्यातून ग्रहाचा कक्षेतील वेग थेट मोजता आला. शिवाय त्या रेषा अपेक्षेपेक्षा किंचित सरकलेल्या होत्या. तप्त दिवसबाजूकडून रात्रबाजूकडे ताशी ५ ते १० हजार किलोमीटर वेगाने वारे वाहत असावेत, असा अर्थ संशोधकांनी काढला.

अनुत्तरित प्रश्न

इतकी माहिती मिळूनही या ग्रहाविषयीचे दोन मोठे प्रश्न सुटलेले नाहीत. पहिला प्रश्न त्याच्या फुगलेपणाचा. या वयाच्या व वस्तुमानाच्या वायुग्रहाने आतापर्यंत थंड होऊन आकुंचन पावायला हवे होते. ताऱ्याची काही ऊर्जा कोणत्यातरी मार्गाने त्याच्या अंतर्भागात पोहोचत असली पाहिजे. त्यासाठी भरती-ओहोटीचे घर्षण, वाऱ्यांची उलथापालथ, चुंबकीय क्षेत्रात वाहणारे विद्युतप्रवाह अशी अनेक स्पष्टीकरणे सुचवली गेली आहेत. एकमत झालेले नाही. पुढे असेच फुगलेले अनेक ग्रह सापडल्याने हे कोडे एका ग्रहापुरते राहिलेले नाही.

दुसरा प्रश्न जन्मस्थानाचा. तो आजच्या जागीच जन्मला, की दूर जन्मून तबकडीतील वायूशी झालेल्या देवाणघेवाणीमुळे अथवा अन्य कारणाने आत सरकला? वातावरणातील कार्बन आणि ऑक्सिजन यांचे प्रमाण जन्मस्थानाविषयी काही सांगू शकते. २०२१ साली ला पाल्मा बेटावरील इटलीच्या गॅलिलिओ दुर्बिणीने पाणी, कार्बन मोनॉक्साइड, मिथेन, अमोनिया, हायड्रोजन सायनाइड व ॲसिटिलीन अशी सहा संयुगे एकाच वेळी आढळल्याचे सांगितले. त्यावरून वातावरण कार्बनसमृद्ध आहे आणि ग्रह दूर, बर्फाळ प्रदेशापलीकडे जन्मला, असा तर्क करण्यात आला.

२०२४ मध्ये जेम्स वेब अंतराळ दुर्बिणीचे निष्कर्ष आले. तिला पाणी व कार्बन डायऑक्साइड स्पष्ट दिसले. मिथेन, हायड्रोजन सायनाइड व ॲसिटिलीन यांचा मागमूस मिळाला नाही. कार्बनचे प्रमाण ऑक्सिजनच्या तुलनेत बरेच कमी निघाले. सर्वाधिक अभ्यासल्या गेलेल्या बाह्यग्रहांपैकी एकाच्या बाबतीत तीन वर्षांच्या अंतराने असे परस्परविरोधी निष्कर्ष यावेत, ही बाब विचार करायला लावणारी आहे. अतिदूरच्या, अन्य सूर्यांच्या पृथ्वीसारख्या ग्रहांवर जीवसृष्टीच्या खुणा मिळाल्याचे दावे अधूनमधून चर्चेत येतात. त्या ग्रहांच्या वातावरणाची खूण याहून कितीतरी क्षीण असते. अशा दाव्यांकडे किती सावधपणे पाहावे, याची कल्पना या उदाहरणावरून येते.

मागे आलेली परंपरा

एचडी २०९४५८ बी याने दाखवलेल्या वाटेने पुढे मोठ्या मोहिमा निघाल्या. २००९ साली झेपावलेल्या केप्लर दुर्बिणीने आणि २०१८ पासून कार्यरत झालेल्या ‘टेस’ उपग्रहाने ताऱ्यांवरील सावल्या शोधण्याचेच काम केले. सूर्यमालेबाहेरील निश्चित झालेल्या ग्रहांची संख्या सप्टेंबर २०२५ मध्ये सहा हजारांवर गेल्याचे नासाने जाहीर केले. त्यांतील बहुसंख्य ग्रह अधिक्रमणानेच सापडले आहेत.

या प्रयत्नांत भारताचाही वाटा आहे. अहमदाबादच्या भौतिकी संशोधन प्रयोगशाळेच्या शास्त्रज्ञांनी माउंट अबू येथील वेधशाळेतील ‘पारस’ या वर्णपटमापकाच्या साहाय्याने, परदेशी सहकाऱ्यांसह, ‘टीओआय १७८९’ या ताऱ्याभोवतीचा ग्रह २०२१ मध्ये जाहीर केला. त्याचे वस्तुमान गुरूच्या ०.७ पट, त्रिज्या सुमारे १.४ पट आणि प्रदक्षिणाकाळ सुमारे ३.२ दिवस. हे आकडे एचडी २०९४५८ बी याच्याशी विलक्षण जुळणारे आहेत. १९५२ साली कोणी गांभीर्याने न घेतलेली, १९९५ साली अविश्वसनीय वाटलेली आणि १९९९ साली लहानशा दुर्बिणीने सिद्ध केलेली ग्रहांची ही जात आज सर्वमान्य झाली आहे. आता असा ग्रह सापडला की तो असू शकतो का, असे कोणी विचारत नाही; तो तेथे कसा पोहोचला, हा प्रश्न मात्र अजून कायम आहे.